पायी पाहिलेले गिरगाव

स्वतःच्या आत्याच्या दारी जावयाचे आणि वाट दाखविणाऱ्यास त्याबद्दल पैसे मोजावयाचे, ही कल्पना आम्हांस प्रथम मुळीच रुचली नाही. आमची आत्या चाळीस वर्षे गिरगावात नांदली. शाळकरी वयात दर उन्हाळ्याचे पंधरा दिवस आम्ही तिच्या दहा बाय बाराच्या खोलीत काढीत असू. रात्री गॅलरीत ओळीने पथाऱ्या, पहाटे नळावर बालद्यांची रांग आणि संध्याकाळी चौपाटी, हा त्या दिवसांचा क्रम. तेव्हा गिरगाव आम्हांस ठाऊक आहे, अशी आमची पक्की समजूत होती. परंतु या खेपेस आम्ही वाईहून मुंबईस मुलाकडे गेलो, तो सूनबाईंनी परभारे आम्हां उभयतांची नावे एका ‘हेरिटेज वॉक’साठी नोंदवून पैसेही भरून टाकले होते. भरलेले पैसे परत मिळत नाहीत असा त्या मंडळींचा नियम आहे. मास्तरकीत जन्म घालविलेल्या माणसाजवळ या नियमापुढे दुसरा युक्तिवाद उरत नाही.

शिवाय आमचा एक स्वार्थही होता, तो येथेच सांगून टाकतो. ज्या शास्त्रीबोवांनी आम्हांस संस्कृत शिकविले, त्यांनी आपली ‘लघुकौमुदी’ची प्रत आम्हांस दिली होती. ती निर्णयसागर छापखान्याची. तिच्या मुखपृष्ठावर मुंबईतील कोलभाट गल्लीचा पत्ता छापलेला आहे. लहानपणी आम्ही तो पत्ता इतक्या वेळा वाचला, की कोलभाट नावाचा कोणी थोर वैयाकरण त्या गल्लीत राहून गेला असावा, असे आम्ही मनाशी ठरवूनच टाकले होते. आत्याकडे असताना ती गल्ली पाहण्याचे मात्र कधी सुचले नाही. या वेळी पोथी पिशवीत घेऊनच निघालो.

रविवारी सकाळी साडेसातास सेंट तेरेसा चर्चपाशी दहाबारा मंडळी जमली. बहुतेक तरुण, दोनतीन गुजराती कुटुंबे, आणि पांढऱ्या केसांचे आम्हीच दोघे. मार्गदर्शिका वास्तुविद्या शिकलेली, पंचविशीच्या आसपासची मुलगी. तिने आमच्याकडे पाहून प्रथम हेच सांगितले, “काका, काकू, घाई नाही. दमलात तर सांगा, मीही थांबेन.” तिची मराठी शुद्ध होती, मध्येच इंग्रजी शब्द येत, परंतु ते सर्वांच्याच तोंडी येतात. तीन तासांत आम्ही फार तर दीड मैल चाललो असू. असल्या फेरीस जाणाऱ्यांनी पायांत जुनी, सवयीची पादत्राणे घालावी व पाण्याची बाटली बरोबर ठेवावी, एवढी सूचना करून पुढे जातो.

चर्चजवळच सरदार वल्लभभाई पटेल रस्ता लागतो. पूर्वीचा हा सँडहर्स्ट रस्ता. या रस्त्याने आम्ही शेकडो वेळा गेलो असू. परंतु भोवतालच्या गल्ल्या वेड्यावाकड्या असताना हाच एक इतका रुंद व सरळ का, असा प्रश्न आमच्या मनात कधी आला नाही. मार्गदर्शिकेने तोच प्रश्न आम्हां सर्वांस विचारला. कोणासच उत्तर येईना, तेव्हा तिने सांगितले. १८९६ साली मुंबईत ग्रंथिज्वराची साथ आली. दाटीच्या वस्तीत हवा खेळावी म्हणून १८९८ साली सिटी इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला, आणि त्याने घरे पाडून समुद्राचा वारा आत घेणारे जे रस्ते काढले, त्यांपैकी हा एक. पुढे याच रस्त्यावरील कॉरोनेशन नाट्यगृहात ३ मे १९१३ रोजी फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांनी प्रथम पाहिला. शाळेत आम्ही प्लेगही शिकविला आणि फाळकेही शिकविले. पण दोन्ही एकाच रस्त्यावर उभे राहून शिकविता येतात, हे आम्हांस निवृत्तीनंतर कळले.

तेथून जगन्नाथ शंकरशेट रस्त्याने निघून आम्ही खोताच्या वाडीत शिरलो. त्या थोर पुरुषाच्या नावाची संस्कृतची शिष्यवृत्ती मिळावी म्हणून आमच्या शास्त्रीबोवांनी आमच्यावर वर्षभर मेहनत घेतली होती. ती आम्हांस मिळाली नाही. असो. वाडी पाहून मात्र आमची सौभाग्यवती दारातच थबकली. लाकडी दुमजली बंगले, कौलारू छपरे, बाहेरच्या अंगाने वर जाणारे जिने, पुढे ओटी, ओटीवर कुंड्या. एखादे कोकणातले गाव उचलून कोणी चाळींच्या मध्ये ठेवून दिले असावे! येथील मूळचे रहिवासी ईस्ट इंडियन ख्रिस्ती. या नावाने आम्ही आजवर भलताच घोटाळा करून घेतला होता. हे लोक पूर्वेकडून आलेले नव्हेत. उत्तर कोकणच्या या किनाऱ्यावरचेच भूमिपुत्र, आणि त्यांची घरची बोली मराठीच. गोव्याहून व मंगळूरहून येणाऱ्या ख्रिस्ती मंडळींपासून आपण वेगळे ओळखले जावे म्हणून १८८७ साली त्यांनी हे नाव घेतले. एका ओटीवर झगा घातलेल्या वयस्क बाई मासे साफ करीत बसल्या होत्या. सौभाग्यवतीने भीतभीतच “किती वर्षे झाली घराला?” असे मराठीत विचारले. “माझ्या सासऱ्याच्या बापानं बांधलं,” असे त्यांनी सुरी न थांबविता मराठीतच उत्तर दिले. वाडीतील निम्म्याहून अधिक जुनी घरे जाऊन तेथे इमारती उठल्या आहेत. उरलेल्यांच्या डोक्यावरून त्या इमारतींची धुणी वाळत असतात.

पुढे वाट जसजशी आत जाऊ लागली तसतशी नावे येऊ लागली: आंबेवाडी, फणसवाडी, केळेवाडी, कांदेवाडी. शहर होण्यापूर्वी येथे काय पिकत होते, याची ही जणू सातबाऱ्याची नोंदच. मार्गदर्शिका म्हणाली, “आणि मुगभाट, बोरभाट. भाट म्हणजे जमीन, बागाईत. गोव्यात अजून म्हणतात.” आम्ही तेथल्या तेथे उभे राहिलो. “मग कोलभाट?” आम्ही विचारले. “कोळ्यांचं भाट, असं सांगतात,” ती म्हणाली. आमचा थोर वैयाकरण त्या क्षणी निवर्तला. पन्नास वर्षे ज्यास मनोमन नमस्कार केला, तो भटजी नसून कोळ्यांचे शेत निघाले! सौभाग्यवतीने पदर तोंडास लावला. संस्कृत जाणणाऱ्या माणसास प्रत्येक शब्दाची व्युत्पत्ती वरूनच दिसते, पायाखालची माती दिसत नाही, हे आम्ही निमूटपणे कबूल केले.

१८९३ साली जेथे सार्वजनिक गणेशोत्सव सुरू झाला, ती केशवजी नाईकांची चाळ पाहिली, आणि मग जवळच्या दुसऱ्या एका चाळीत आम्हांस तिसऱ्या मजल्यापर्यंत नेण्यात आले. तीच लाकडी कठड्याची गॅलरी, तोच टोकाला असलेला सामाईक नळ. आम्हांस आत्याची आठवण येऊन गहिवरून आले. शेजारच्या तरुणास आम्ही चाळीतला शेजारधर्म, उघडी दारे, वाटीवाटीने फिरणारी आमटी यांविषयी बरेच काही सांगू लागलो. मंडळी भराभर छायाचित्रे घेत होती. इतक्यात तांदूळ निवडीत बसलेल्या एक ऐंशीच्या घरातल्या बाई मान वर न करता म्हणाल्या, “आमचे फोटो काढून झाले असतील, तर खालच्या जिन्याचाही एक काढा. तीन पायऱ्या गेल्यात. पावसाळ्यात माझा पाय तिथंच मोडला.”

सर्व एकदम गप्प झाले. मार्गदर्शिका मात्र त्यांच्याजवळ जाऊन बसली. “आजी, मागच्या महिन्यात दोन गेल्या होत्या ना?” तिने खाली जाऊन जिन्याचे छायाचित्र घेतले, आणि मग हे असे का होते ते आम्हांस समजावून दिले. १९४७ च्या भाडे-नियंत्रण कायद्याने भाडी गोठली. भाडेकरूस आधार झाला, परंतु पिढ्यान्‌पिढ्या तीच अल्प भाडी राहिल्याने मालकाने डागडुजी सोडली. आता नवी इमारत बांधून जागा देऊ म्हणणारे येतात. कोठे ती मिळते, कोठे लोक वर्षानुवर्षे दुसरीकडे भाड्याने राहून वाट पाहतात. आम्ही त्या बाईंस म्हणालो, “परंतु ही चाळ पाडली, तर हे सारे जाईल.” त्यांनी प्रथमच आमच्याकडे पाहिले. “अहो, तुम्हांला जुनं आवडतं. रात्री दोन वाजता गॅलरीच्या टोकाला काठी टेकत मला जावं लागतं.”

आमची आत्याही शेवटच्या वर्षांत काठी टेकत त्याच टोकास जात असे. तिने कधी तक्रार केली नाही. आणि आम्हीही कधी विचारले नाही. तिची चाळ आता नाही. त्या जागी बावीस मजले उभे आहेत, आणि आदल्याच दिवशी ते पाहून आम्ही मुलापाशी बराच वेळ हळहळलो होतो. ती हळहळ नेमकी कोणासाठी होती, याचा विचार त्या गॅलरीत प्रथम मनात आला. मंडळी खाली उतरली तरी सौभाग्यवती वर तांदूळ निवडीत बसली होती. तिला दोनदा हाका माराव्या लागल्या.

ठाकुरद्वारच्या नाक्यावर फेरी संपली. थालीपीठ व पीयूष झाल्यावर आम्ही पिशवीतून पोथी काढून मार्गदर्शिकेस दाखविली. तिच्या वाटेत कोलभाट गल्ली नव्हती आणि निर्णयसागराविषयी तिने फारसे ऐकलेही नव्हते. मग शिकविण्याची पाळी आमची आली. जावजी दादाजी शाळेत फारसे गेलेले नव्हते. लहानपणी छापखान्यात टाइप घासण्याच्या कामास लागले. १८६९ साली त्यांनी स्वतःचा छापखाना काढला. राणोजी रावजी आरू यांनी कोरलेल्या त्यांच्या अक्षरांनी साऱ्या हिंदुस्थानास संस्कृत वाचावयास लावले. १८८६ पासून ‘काव्यमाला’ निघू लागली, आणि जी काव्ये पोथ्यांच्या रुमालांत बांधलेली होती ती विद्यार्थ्याच्या हाती आली. ती ऐकून म्हणाली, “काका, चला, आत्ताच जाऊ.”

गिरगावचे भुयारी मेट्रो स्थानक २०२५ च्या ऑक्टोबरात खुले झाले आहे, परंतु आम्ही पायीच काळबादेवीकडे गेलो. कोलभाट गल्लीत हातगाड्या, कापडाचे गठ्ठे आणि हमाल यांच्यामधून अंग चोरूनच चालावे लागले. छापखान्याची खूण काही दिसेना. एका पानवाल्यास आम्ही “इथे पूर्वी प्रेस होता, तो कोठे?” असे विचारले. त्याने आमच्या सदऱ्याकडे पाहून उत्तर दिले, “प्रेसवाला उधर, नाके पे. दस रुपये में इस्त्री करता है.”

मार्गदर्शिकेस हसू आवरेना. मग एका बंद दुकानाच्या पायरीशी तिने पोथी मागून घेतली, मुखपृष्ठाचे छायाचित्र काढले व म्हणाली, “काका, हे मोठ्यानं वाचा ना.” आम्ही ग्रंथाचे नाव वाचले, छापखान्याचे नाव वाचले, आणि पत्त्यापर्यंत आलो तो मागून एका हातगाडीवाल्याने “बाजू, बाजू!” म्हणून हाक दिली. आम्ही भिंतीस टेकलो, गाडी जाऊ दिली, आणि उरलेला पत्ता वाचून पुरा केला. पुढल्या महिन्यापासून ही गल्ली आपल्या वाटेत घेणार असे तिने सांगितले, आणि वहीत जावजी दादाजींचे नाव आमच्याकडून तपासून लिहून घेतले.

वाईस परतल्यावर सौभाग्यवतीने चार शेर हळकुंडे बांधून आमच्यापुढे ठेवली. ती त्या चाळीतल्या बाईंस पाठवावयाची होती. तांदूळ निवडता निवडता तसे ठरले होते म्हणे. पत्ता लिहिण्याचे काम अर्थात आमच्याकडे आले. नाव, खोली, मजला हे लिहून झाल्यावर सौभाग्यवतीच्या सांगण्यावरून खाली आणखी एक ओळ लिहिली: ‘टपालवाल्यास सूचना: जिन्याच्या तीन पायऱ्या नाहीत, जपून चढावे.’