अंगानें भरलेल्या वधूचें लग्नवस्त्र

"मावशी, मी आपली सलवार-कुर्त्यावरच सही करून येईन म्हणतें," असें माझी भाची मला म्हणाली, तेव्हां तिच्या आवाजांत साधेपणाची हौस नव्हती. चार दुकानें हिंडून आल्याचा शीण होता. लग्न नोंदणी पद्धतीनें व्हावयाचें होतें. दोन्ही घरचीं मिळून चाळीस माणसें, नंतर घरींच पुरणपोळीचें जेवण, आणि पैसा बेताचा. परंतु शिवलेली नऊवारी तिच्या कमरेस पुरेना, तयार ब्लाउज ४० इंचांच्या पुढें मिळेना, आणि एका विक्रेत्यानें तर "अजून महिना आहे, तेवढ्यांत थोडें कमी करा," असा अनाहूत सल्लाही दिला होता.

श्रोतृभगिनींनो, महिन्याभरांत मुलगी बारीक होत नसते. ब्लाउज मात्र चांगला शिवून होतो. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याप्रमाणें नोटीस दिल्यावर ३० दिवस थांबावें लागतें, आणि नोटिशीपासून तीन महिन्यांच्या आंत विवाह उरकावा लागतो. त्या ३० दिवसांतच आम्हीं सारें बसविलें.

साडीस माप नसतें असें आपण म्हणतों, तें अर्धेंच खरें आहे. सहा वार म्हणजे सुमारें साडेपांच मीटर. साडी कमरेभोंवतीं एक वेढा घेते, मग निऱ्या, मग पुन्हां एक फेर घेऊन पदर खांद्यावर जातो. ज्या बाईचा घेर ३८ इंच, तिच्यापेक्षां ५० इंच घेराच्या बाईचें या दोन वेढ्यांत २४ इंच, म्हणजे साठेक सेंटिमीटर कापड अधिक जातें. पांच इंची निरीस दहा इंच कापड लागतें. म्हणजे दोन-अडीच निऱ्या गेल्या! निऱ्या कमी पडल्या कीं साडी समोरून तंग दिसते, आणि दोष मात्र देहास दिला जातो. यावर उपाय सोपा आहे. ज्या साडीच्या आंतल्या टोकास ब्लाउजचा ऐंशी सेंटिमीटरांचा तुकडा जोडून आलेला असतो ती घ्यावी, आणि तो तुकडा कापूंच नये. तो वेढ्यांत दडून जातो व गेलेल्या निऱ्या परत मिळतात. नाहीं तरी तेवढ्यांत ४४ इंच छातीचा, कोंपरापर्यंत बाहीचा ब्लाउज बसत नाहींच. शिंपी मग काखेंत जोड देत बसतो.

भाचीच्या आईस पैठणी हवी होती. हातमागावरच्या पैठणीस पदराच्या नक्षीप्रमाणें कित्येक आठवडे, कधीं महिनेही लागतात. ती स्वस्त मिळेल ही आशा धरूं नये. स्वस्त म्हणून दाखवितात ती बहुधा यंत्रमागाची. पदर उलटून पाहावा. हाताच्या विणीची मागील बाजू जवळजवळ पुढच्यासारखीच स्वच्छ असते. यंत्राच्या पदरामागें सुटे किंवा कापलेले धागे दिसतात, आणि ते बांगड्यांत अडकतात. ती घेण्यांत कांहीं पाप नाहीं, किंमत मात्र ओळखून द्यावी. शिवाय रुंद, ताठ जरीचा काठ ठेंगण्या मुलीची उंची आडवी कापतो, आणि ताठ कापड अंगापासून दूर उभें राहून उगीच आकार वाढवितें. शेवटीं आम्हीं इरकल घेतली. अंग सुती, पदर रेशमी, रंग गर्द डाळिंबी, काठ जेमतेम अडीच इंच. अंगाचा व पदराचा ताणा निराळा असून ते फांसे घालून एकमेकांत गुंतविलेले असतात, ही त्या विणीची ओळख. पदर गुडघ्याच्या खालीं सोडला कीं खांद्यापासून एक सरळ उभी रेघ मिळते. माझी बहीण प्रथम हिरमुसली, हें सांगितलें पाहिजे.

खरी परीक्षा ब्लाउजची. शिंपी पुष्कळदां ३६ इंचांचा साचा सर्व बाजूंनीं सारखाच वाढवितो. परंतु छाती आठ इंचांनीं वाढली म्हणून खांद्याचीं हाडें कांहीं तितकीं रुंदावत नाहींत. मग गळा सैल पडतो, खांदा घसरतो, आणि दंड मात्र काचतो. म्हणून खांदा, छातीच्या वरचा घेर, भर छातीचा घेर, तिच्या खालचा घेर आणि दंड हीं पांचही मापें निरनिराळीं घ्यावयास लावावीं. लग्नाच्या दिवशीं जे आंतले कपडे घालावयाचे तेच घालून. रेशमास कात्री लावण्यापूर्वीं मांजरपाटाचा नमुना शिवून घ्यावा. आमच्या नमुन्यांत दंड आंवळला, तेव्हां शिंपी मुंढा खोल करावयास निघाला. तसें करूं देऊं नये! मुंढा खोल केला कीं हार घालण्यास हात वर नेतांच सारा ब्लाउज वर ओढला जातो. मुंढा तसाच ठेवून बाहीचा घेर वाढवावा व बाही उरेब कापावी. दोन्ही कडांस इंच-इंच माया ठेवावी. परकर चुण्यांचा नको, कळ्यांचा हवा; चुण्या नेमक्या कमरेवरच जाडी आणतात.

साडी ३,८०० रुपये, सव्वा मीटर कापड व अस्तर ७५०, नमुन्यासह शिलाई १,२००, परकर ४००, एकूण ६,१५०. शिलाईंत काटकसर करूं नये असें माझें मत आहे. काटकसर साडींत करावी.

लग्नाच्या दिवशीं तिनें सही केली, तिघां साक्षीदारांनीं केल्या, आणि घरीं येऊन ती आजीच्या पायां पडली, तेव्हां पदर सावरण्यास कोणाला धांवावें लागलें नाहीं. सलवार-कुर्ता तिनें न जाणों म्हणून पिशवींत घालून बरोबर नेला होता. तो घडी न मोडतां परत आला.