सांपडलेल्या वासरास जीव लावणें

राधानगरी तालुक्यांतील दाजीपूरचें जंगल १९५८ सालीं गव्यांसाठीं राखून ठेवण्यांत आलें. १९८५ पासून तें राधानगरी अभयारण्य या नांवानें ओळखलें जातें. ज्यांची जमीन या रानाला लागून आहे त्यांस गवा म्हणजे पिकाचा शत्रू. परंतु बांधाकडेच्या झुडपांत गव्याचें एकटें वासरूं दृष्टीस पडलें, कीं तोच शेतकरी नासाडी विसरून त्यास गोठ्यांत आणावयास निघतो. ही दया खरी आहे, यांत संशय नाहीं. ती कोणत्या वासरास तारते व कोणाचा घात करते, एवढेंच येथें पाहावयाचें आहे.

प्रथम आपल्या गोठ्यांतील गोष्ट घेऊं. गाय विऊन मेली, किंवा २०१९ व २०२१ च्या महापुरांसारख्या संकटांत वासरूं आईपासून तुटलें, तर तें माणसाच्या हातावरच वाढवावें लागतें. नुकतेंच जन्मलेलें असेल तर पहिल्या कांहीं तासांतच त्यास चीक मिळाला पाहिजे. आईचा नसेल तर दुसऱ्या ताज्या व्यालेल्या गाईचा द्यावा. पुढें रोज वजनाच्या सुमारें दहाव्या हिश्श्याइतकें कोमट दूध, दोन-तीन वेळांत विभागून. हें जो नित्य करतो, त्याचा आवाज व वास वासरूं थोड्याच दिवसांत ओळखूं लागतें. गुरें एकमेकांची मान चाटतात. तेंच काम माणसाचा हात करतो. मानेखालीं हात फिरविला असतां जनावराच्या हृदयाचे ठोके मंदावतात, असें परदेशांत प्रयोगानें दिसून आलें आहे. आमच्या गुराख्यांस तें प्रयोगावांचूनच ठाऊक होतें! अशी माणसाळलेली कालवड पुढें धारेला शांत उभी राहते, हा लाभ लहान नव्हे.

खोंडाच्या बाबतींत मात्र सावध असावें. केवळ माणसांतच वाढलेलें नर वासरूं माणसाला आपल्याच जातीचा समजूं लागतें. लहानपणीं तें ढुशी देतें व घरांतील मुलें कौतुक करतात. वयांत आल्यावर तोच खेळ जिवावर बेततो, कारण त्यास माणसाचें भय उरलेलें नसतें. म्हणून अनाथ खोंडास दूध हातानें पाजावें, पण ठेवावें इतर वासरांत.

आतां हाच न्याय गव्याला लावून पाहा. पूर्ण वाढलेला नर हजार किलोपर्यंत भरतो. त्यास गोठ्यांत कोणाची संगत देणार? शिवाय आपल्या गुरांची लाळ्या-खुरकत त्यास होते. आणि मुख्य म्हणजे तें वासरूं बहुधा अनाथ नसतेंच. गव्याची मादी विण्याच्या वेळीं कळपापासून बाजूला होते व नवें वासरूं झुडपांत दडवून चरावयास जाते. आपण त्यास उचललें, म्हणजे अनाथ आपणच केलें. १९७२ च्या वन्यजीव कायद्यानें गवा बाळगणें हा गुन्हा आहे, हें वेगळेंच.

हेमलकशास डॉ. प्रकाश आमटे यांनीं १९७३ नंतर शिकारींत आई गमावलेलीं पिलें सांभाळलीं. बिबटे व अस्वलेंही त्यांत होतीं. त्या जिव्हाळ्याची कीर्ति सर्वत्र आहे. परंतु त्यासाठीं त्या कुटुंबानें जन्म वाहिला. गोठ्याच्या कोपऱ्यांत तें जमणार नाहीं.

तेव्हां वासरूं दिसल्यास हात न लावतां मागें फिरावें, कुत्रीं बांधावीं व वनखात्यास १९२६ या क्रमांकावर कळवावें. गर्दी तर मुळींच होऊं देऊं नये. डिसेंबर २०२० मध्यें पुण्याच्या कोथरूड भागांत आलेला गवा लोकांच्या पाठलागानें बिथरून, पकडला गेल्यावर मरण पावला. गवा विहिरींत किंवा चरींत पडला असेल, तर वनखात्याची माणसें येईपर्यंत गांवकऱ्यांनीं लोकांस दूर ठेवावें. काठाची एक बाजू उतरती खणून वाट करून दिली, आणि रानाकडची दिशा मोकळी ठेवली, म्हणजे बहुतेक वेळां तो आपल्या पायांनींच वर येऊन निघून जातो.