भिलाईचा दिग्दर्शक

भिलाई म्हटले की डोळ्यांसमोर उभे राहते ते पोलाद. भारतीय रेल्वेचे रूळ जेथे तयार होतात, ज्याच्या भट्ट्यांना दल्ली-राजहराच्या डोंगरांतील लोहखनिज पुरवले जाते, असे हे छत्तीसगडातील गाव. अशा गावाने लोहारकीऐवजी कथाकथनाच्या धंद्यात नाव काढणारा माणूस दिला, तर त्याचे प्रथम नवल वाटते. परंतु भिलाईची घडण नीट पाहिली म्हणजे ते नवल पुष्कळसे ओसरते. दूरदर्शन मालिकांचे आणि पुढे चित्रपटांचे दिग्दर्शक म्हणून प्रसिद्धी पावलेले अनुराग बसू हे या गावचे. त्यांचा जन्म ८ मे १९७४ रोजी भिलाईला झाला.

भिलाईचा कारखाना सोव्हिएत रशियाच्या साहाय्याने उभा राहिला. त्यासंबंधीचा करार १९५५ साली झाला आणि पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन राष्ट्रपती डॉ. राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते फेब्रुवारी १९५९ मध्ये झाले. करार झाला तेव्हा हा मुलूख ज्या मध्य प्रदेशात होता, त्याची राजधानी नागपूर होती, ही गोष्ट मराठी माणसाला आठवणीत ठेवण्याजोगी आहे. पुढे १९५६ साली राज्यांची पुनर्रचना झाली आणि २००० साली छत्तीसगड हे स्वतंत्र राज्य झाले. पण कारखान्याभोवती वसलेल्या नगराला प्रांताची सीमा अशी कधी नव्हतीच. बंगाली, मराठी, तेलुगू, मल्याळी, पंजाबी, ओडिया अशा नाना भाषांची कुटुंबे तेथील वसाहतीत एकमेकांशेजारी नांदू लागली. प्रत्येकाने आपल्याबरोबर आपला सण आणला आणि सणाबरोबर आपले नाटकही आणले.

त्या मातीला स्वतःची परंपराही होतीच. भिलाईजवळच्या गनियारी गावच्या तीजनबाई हातात तंबुरा घेऊन एकटीच्या बळावर महाभारत उभे करीत. पंडवानीच्या या थोर गायिकेला पुढे भिलाईच्या कारखान्यानेच नोकरी दिली. जवळच्या रायपूरचे हबीब तन्वीर यांनी छत्तीसगडी लोककलावंतांना घेऊन आधुनिक रंगभूमी घडवली. शेजारच्या राजनांदगावी गजानन माधव मुक्तिबोध या मराठी घरातल्या हिंदी कवीने आपल्या आयुष्याची अखेरची वर्षे अध्यापनात घालवली. कारखान्याच्या धुराड्यांच्या छायेत कला कोमेजते, हा समज निदान या टापूने तरी खोटा ठरवला आहे. बसू यांचे आईवडील दोघेही रंगभूमीवर वावरणारे. नाटक हा त्या घरात करमणुकीचा विषय नव्हता, तो नित्याचा व्यवहार होता.

बसू मुंबईस आले ते मोठ्या अनुकूल काळी. तोपर्यंत आपल्या देशात दूरचित्रवाणी म्हणजे सरकारी दूरदर्शन, हेच समीकरण होते. १९७५-७६ साली उपग्रहाच्या द्वारे खेड्यापाड्यांत शैक्षणिक कार्यक्रम पोहोचवण्याचा जो प्रसिद्ध प्रयोग झाला, त्यात रायपूरच्या परिसरातील खेडीही होती. शेती, आरोग्य, शिक्षण हे त्या कार्यक्रमांचे विषय. ऑक्टोबर १९९२ मध्ये झी ही खाजगी हिंदी वाहिनी सुरू झाली आणि चित्र पालटले. रोज नवे काही दाखवायचे तर लेखक, कॅमेरामन, दिग्दर्शक मोठ्या संख्येने हवेत. ते आणायचे कोठून? चित्रपटसृष्टीत वर्षानुवर्षे उमेदवारी करूनही ज्यांना संधी मिळत नसे, अशा तरुणांना येथे दार उघडले. ‘तारा’ या गाजलेल्या मालिकेत बसू हे दिग्दर्शक रमण कुमार यांचे साहाय्यक म्हणून लागले आणि थोड्याच अवधीत त्याच मालिकेचे दिग्दर्शन करू लागले.

मालिकेचा दिग्दर्शक नेमके काय करतो, हे प्रेक्षकाला सहसा उमगत नाही. चित्रपटाच्या दिग्दर्शकाला कथेचा शेवट ठाऊक असतो; मालिकेच्या दिग्दर्शकाला पुष्कळदा पुढच्या आठवड्याचाही पत्ता नसतो. संवादांचे कागद चित्रीकरणाच्या दिवशी हाती पडतात. दिवसाकाठी ठरावीक मिनिटांचे चित्रण पुरे झालेच पाहिजे, कारण प्रक्षेपणाची वेळ कोणासाठी थांबत नाही. नट आजारी पडला तर कथा वळवावी लागते. पडदा लहान, म्हणून दूरच्या देखाव्यापेक्षा चेहऱ्यावर भिस्त ठेवावी लागते. शिवाय घरातला प्रेक्षक भाजी निवडता निवडता पाहत असतो. त्याचे लक्ष दर काही मिनिटांनी पुन्हा ओढून घ्यावे लागते. या घाण्यात अनेकांची कला पिळून निघते आणि चोथा तेवढा उरतो. ज्याच्याजवळ मूळची शिदोरी असते, त्याला मात्र येथे दोन गोष्टी मिळतात. एक म्हणजे हाताचा वेग. आणि दुसरी, अडचणीतूनच मार्ग काढण्याची सवय.

बसू यांच्या मालिकांतली ‘कोशिश – एक आशा’ ही येथे मुद्दाम सांगण्याजोगी. एका मुलीचे लग्न फसवून अशा तरुणाशी लावून दिले जाते, ज्याच्या मनाची वाढ खुंटलेली आहे. ती त्याला टाकून जात नाही, त्याला माणसांत आणू पाहते. या कथासूत्राचे पुढच्या वाटचालीशी असलेले नाते थोड्या वेळाने ध्यानात येईल.

२००३ साली ‘साया’ आणि २००४ साली ‘मर्डर’ असे त्यांचे चित्रपट आले. ‘मर्डर’ला मोठे व्यावसायिक यश मिळाले. आणि नेमक्या त्याच सुमारास, ‘तुमसा नहीं देखा’चे काम चालू असताना, त्यांना रक्ताचा कर्करोग झाल्याचे निदान झाले. वय अवघे तीस. पत्नी गरोदर. डॉक्टरांनी फारशी आशा दिली नव्हती, असे त्यांनी स्वतःच पुढे मुलाखतींतून सांगितले आहे. त्यांना झालेला प्रोमायलोसायटिक हा प्रकार एके काळी सर्वांत झपाट्याने माणूस नेणारा मानला जाई, कारण त्यात रक्त गोठण्याची क्रिया बिघडून अनावर रक्तस्राव होतो. परंतु १९८० नंतरच्या काळात जीवनसत्त्व ‘अ’पासून सिद्ध केलेल्या एका औषधाने या रोगाचे भवितव्यच बदलले, पहिले संकटाचे दिवस निभावले, तर आज हा रक्ताच्या कर्करोगांतील बऱ्या होणाऱ्या प्रकारांपैकी एक गणला जातो.

ते संकटाचे दिवस बसू यांनी रुग्णालयात काढले, आणि तेथेही काम सोडले नाही. ध्वनिमुद्रण यंत्रावर ते चित्रपटासंबंधीच्या सूचना बोलून ठेवीत. महेश भट्ट आणि मोहित सूरी यांनी उरलेला भाग पुरा केला. मालिकांच्या धबडग्यात जडलेली सवय अशी कामास आली, असे म्हणावयास हरकत नाही. काम कोणासाठी थांबत नाही, हे जो शिकला, त्याला कामानेच तगवून धरले.

आजारातून उठल्यावर २००६ साली ‘गँगस्टर’ आणि २००७ साली ‘लाइफ इन अ... मेट्रो’ हे चित्रपट त्यांनी दिले. दुसऱ्यात महानगरातील अनेक जोडप्यांच्या कथा एकमेकींत गुंफल्या आहेत आणि वादकांचा एक ताफा रस्त्यावर गात गात त्यांना जोडीत जातो. लोकनाट्यातील सूत्रधाराची आठवण करून देणारी ही योजना आहे. २०१० सालचा ‘काइट्स’ मोठ्या खर्चाचा असूनही येथील प्रेक्षकांना रुचला नाही. मग २०१२ साली ‘बर्फी!’ आला. त्याचा नायक मूकबधिर, नायिका स्वमग्न. म्हणजे ‘कोशिश’मधलाच प्रश्न, पण आता दयेचा सूर वगळून, खेळकरपणे मांडलेला. ऑस्कर स्पर्धेसाठी भारतातर्फे हाच चित्रपट पाठवला गेला. त्यातील काही दृश्ये जुन्या परदेशी चित्रपटांवरून उचललेली आहेत, अशी टीकाही झाली. ती अगदीच निराधार नव्हती. तथापि उसन्या विटांनी बांधलेल्या घरातही राहणारी माणसे घरमालकाचीच होती, हेही मान्य केले पाहिजे. ‘जग्गा जासूस’ या २०१७ सालच्या चित्रपटाचा नायक तोतरा आहे, म्हणून तो गाऊन बोलतो. जे सरळ बोलू शकत नाहीत, त्यांना बोलते करण्याची ही ओढ बसू यांच्या कामात सातत्याने दिसते.

आणखी एक गोष्ट उल्लेखनीय आहे. चित्रपटांत नाव मिळाल्यावर लहान पडद्याकडे पाठ फिरवण्याची रीत असते. बसू यांनी ती पाळली नाही. २०१५ साली त्यांनी एपिक वाहिनीसाठी रवींद्रनाथ ठाकुरांच्या कथांची मालिका केली. तीत ‘चोखेर बाली’तील विनोदिनीची भूमिका राधिका आपटे यांनी वठवली. पोट भरण्यासाठी ज्या माध्यमात पहिली पावले टाकली, त्याच माध्यमात घरच्या साहित्याचा वारसा त्यांनी मांडला. २०२० साली ‘लूडो’ आणि २०२५ साली ‘मेट्रो... इन दिनों’ असा त्यांचा प्रवास पुढे चालूच आहे.

भिलाईच्या भट्टीत खनिज वितळते, तेव्हा मळी वर तरंगते आणि धातू तळाशी बसतो. मालिकांचा धंदाही अशीच एक भट्टी आहे. तीत रोज पुष्कळ मळी निघते, हे खरे. पण केवळ मळीकडे पाहून भट्टीचा निवाडा करू नये. तळाशी काय साचले, तेही पाहावे.