यादव ते जाधव : एका आडनावाची भाषिक वंशावळ

कोल्हापूर जिल्ह्याच्या हातकणंगले तालुक्यातील पेठ वडगाव हे गाव इतिहासाच्या अभ्यासकांना सेनापती धनाजी जाधव यांच्या समाधीमुळे परिचित आहे. धनाजींचे निधन इ. स. १७०८ मध्ये वडगाव येथे झाले. याच गावात विजयसिंह यादव यांच्या नावाचे महाविद्यालय आहे. एकाच गावात समाधीवर ‘जाधव’ हे नाव आणि विद्यालयावर ‘यादव’ हे नाव असावे, ही गोष्ट वरवर पाहता योगायोगाची वाटते. परंतु भाषाशास्त्राच्या दृष्टीने ही एकाच शब्दाची दोन रूपे होत. त्यांपैकी एक ग्रंथातील रूप जसेच्या तसे राखून आहे, तर दुसरे लोकांच्या मुखातून संस्कारित झालेले आहे. या दुसऱ्या रूपाची घडण कशी झाली, आणि तिच्यावरून ते आडनाव धारण करणाऱ्या कुळांविषयी काय अनुमान करता येते व काय करता येत नाही, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

प्रथम ‘जाधव’ या रूपातील आद्यवर्ण पाहू. संस्कृतातील शब्दारंभीचा ‘य’ प्राकृतात ‘ज’ होतो, हा नियम सर्वपरिचित आहे. यव–जव, यन्त्र–जाते, यज्ञोपवीत–जानवे ही मराठीतील नित्याची उदाहरणे होत. शिवाय ‘जाधव’मधील ‘ज’ हा ‘जय’ किंवा ‘जनक’ या तत्सम शब्दांतील तालव्य ‘ज’ नसून ‘जाते’, ‘जानवे’ यांतील दंततालव्य ‘ज’ आहे. हा उच्चार ‘जमीन’, ‘जोर’ यांसारख्या फारसीतून आलेल्या शब्दांतही आढळतो. त्यामुळे केवळ त्यावरून शब्दाचे मूळ ठरत नाही. तथापि मूळ शब्द ‘यादव’ आहे हे एकदा मान्य केले, म्हणजे हा उच्चार एवढे निश्चित सांगतो की शब्द मराठीच्या अंगवळणी पुरता पडलेला आहे.

येथवर मार्ग सरळ आहे. अडचण पुढील ‘द’पाशी उद्भवते. दोन स्वरांमधील एकेरी ‘द’ महाराष्ट्री प्राकृतात लोप पावतो. पाद–पाय, खाद्–खाणे, कदली–केळ ही त्याची साक्ष. या नियमाने ‘यादव’ शब्दाचे जे रूप व्हावयास हवे, ते प्राकृत ग्रंथांत ‘जायव’ असे प्रत्यक्ष आढळतेही. मराठी आडनाव अखंड परंपरेने प्राकृतातून उतरले असते, तर ते ‘जायव’ या रूपाच्या जवळपास कोठेतरी येऊन थांबले असते. जुन्या लेखनात ‘जादव’ आणि ‘जाधव’ ही दोन्ही रूपे मिळतात; दोहोंतही दंत्य व्यंजन टिकून आहे. सबब ‘जाधव’ हा शब्द शुद्ध तद्भव नव्हे. तो अर्धतत्सम होय. म्हणजे संस्कृतातून पुन्हा उचललेला व नंतर लोकोच्चाराने अंशतः बदललेला.

अशा शब्दांचा एक वर्गच मराठीत आहे. यती–जती, योगी–जोगी, यात्रा–जत्रा यांत आद्य ‘य’चा ‘ज’ झाला, पण पुढील व्यंजने शाबूत राहिली. ‘युग’ शब्दाची दोन रूपे या बाबतीत विशेष बोधक आहेत. बैलांच्या मानेवरील ‘जू’ हा शब्द शेतकऱ्याच्या घरात पिढ्यानुपिढ्या चालत आला आणि त्यातील ‘ग’ झिजून गेला. उलट काळवाचक ‘जुग’ हा शब्द पुराणकथा व कीर्तन यांतून आला, म्हणून त्याचा ‘ग’ राहिला. ‘जाधव’ हा शब्द ‘जुग’च्या पंक्तीतील आहे, ‘जू’च्या नव्हे.

राहिला प्रश्न ‘द’ या अल्पप्राणाच्या जागी आलेल्या ‘ध’ या महाप्राणाचा. यास नियमित ध्वनिपरिवर्तनाचा आधार नाही. कारण ‘द’च्या निकट महाप्राणतेला कारण होईल असा ऊष्म वा हकारयुक्त वर्ण या शब्दात नाही. अशा स्थितीत सादृश्याचा विचार करणे इष्ट ठरते. ‘माधव’ आणि ‘उद्धव’ ही नावे मराठी समाजात प्राचीन काळापासून रूढ आहेत, आणि ती दोन्ही यदुकुलाच्या कथेशीच निगडित आहेत. कृष्ण हाच यादव व हाच माधव. अशा नित्य सहवासातील शब्दाच्या साच्यात ‘जादव’ बसविला जाऊन ‘जाधव’ झाला असावा, हे स्पष्टीकरण सर्वांत संभाव्य दिसते. गुजरातीत मात्र ‘जादव’ हे आडनाव महाप्राणाविना रूढ आहे. तेव्हा हा फेरबदल मराठीचा स्वतःचा म्हणावा लागतो.

शब्द ग्रंथातून आला, तर तो कोणत्या मार्गाने आला? येथे देवगिरीच्या राजवंशाचे स्मरण अपरिहार्य आहे. इ. स. ११८७ च्या सुमारास पाचव्या भिल्लमाने स्वतंत्र राज्य स्थापिले. सिंघणाने १२१२ च्या सुमारास शिलाहार भोज दुसरा याचा पराभव करून कोल्हापूर–पन्हाळ्याचा प्रदेश जिंकला, आणि वारणा–पंचगंगेचा हा भाग त्या वंशाच्या सत्तेखाली आला. १२९६ मध्ये अल्लाउद्दीनाची स्वारी झाली व १३१८ पर्यंत राज्य संपुष्टात आले. या राजांचे प्रादेशिक नाव ‘सेउण’ असे होते. ‘यादव’ हे त्यांचे संस्कृत प्रशस्तींतील कुलनाम. ‘द्वारावतीपुरवराधीश्वर’ हे बिरुद ते मिरवीत, आणि हेमाद्रीने व्रतखंडाच्या राजप्रशस्तीत त्यांची वंशावळ पौराणिक यदूपर्यंत नेऊन भिडविली. म्हणजे ‘यादव’ हे नाव त्या राजवंशानेही प्रतिष्ठेचे प्राचीन नाव म्हणून धारण केले होते. ते प्रथम शिलालेखांत व प्रशस्तींत नांदले, आणि तेथून जनसामान्यांच्या मुखी येता येता त्याचा ‘जाधव’ झाला. ध्वनींची साक्ष आणि इतिहासाची साक्ष येथे परस्परांस पूरक ठरतात.

यानंतर सुमारे अडीच शतकांनी, सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात, सिंदखेडचे लखुजी जाधवराव निजामशाहीतील प्रबळ सरदार म्हणून पुढे येतात. जिजाबाई या त्यांच्या कन्या. १६२९ मध्ये दौलताबादच्या किल्ल्यात लखुजींची हत्या झाली. देवगिरी हेच दौलताबाद. ज्या गडावरून यादवांनी राज्य केले, त्याच गडावर त्यांचे कुलनाम सांगणाऱ्या सरदाराचा अंत व्हावा, हा इतिहासाचा विलक्षण योग होय. या घराण्याचा देवगिरीच्या यादवांशी संबंध सांगितला जातो. परंतु मधली अडीच शतके जोडण्याचे काम मुख्यतः कुळाच्या वंशावळी करतात.

धनाजी हे या सिंदखेडकरांच्याच शाखेतील मानले जातात. राजाराम महाराज व ताराबाई यांच्या काळात त्यांनी मोगलांशी झुंज दिली. १७०७ मध्ये खेड येथे ते शाहूंच्या पक्षास मिळाले आणि त्यामुळे गादीच्या वादाचा निकाल शाहूंच्या बाजूने झुकला. पुढे पेशवा झालेले बाळाजी विश्वनाथ हे प्रथम धनाजींच्याच पदरी होते. धनाजींचे पुत्र चंद्रसेन यांस सेनापतिपद मिळाले. पण १७११ मध्ये बाळाजी विश्वनाथांशी वितुष्ट येऊन त्यांनी शाहूंचा पक्ष सोडला व अखेर निजामाचा आश्रय घेतला. पहिल्या बाजीरावांच्या काळातील वाघोलीचे पिलाजी जाधव हेही या आडनावाचे एक ख्यातनाम सरदार होत.

आधुनिक काळातील नामवंत पाहू गेल्यास चित्र पालटते. कोल्हापूर संस्थानात शाहू महाराजांचे सहकारी असलेले सत्यशोधक नेते भास्करराव जाधव (१८६७–१९५०) पुढे मुंबई इलाख्यात मंत्री झाले. कऱ्हाडजवळील गोळेश्वरचे खाशाबा जाधव यांचे शिक्षण कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयात झाले; १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये कुस्तीत कांस्यपदक मिळवून ते स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक पदकविजेते ठरले. समीक्षक रा. ग. जाधव यांनी दलित साहित्याचा साक्षेपाने विचार केला व २००४ मध्ये औरंगाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद भूषविले. अर्थतज्ज्ञ नरेंद्र जाधव यांनी ‘आमचा बाप आन् आम्ही’ या ग्रंथात आपल्या दलित कुटुंबाची कहाणी सांगितली. बंजारा समाजात तर ज्या कुळाचे अंतर्गत नाव ‘वडतिया’ आहे, त्या कुळातील लोक महाराष्ट्रात ‘जाधव’ असे लिहितात. मराठा, बौद्ध, बंजारा व इतरही अनेक समाजांत हे आडनाव आज आढळते. या सर्वांस एका रक्ताचे मानणे इतिहासाला धरून होणार नाही.

असा प्रकार केवळ महाराष्ट्रातच घडला असे नाही. स्कॉटलंडच्या डोंगरी प्रदेशात ‘मॅकडोनल्ड’ म्हणजे ‘डोनल्डचा पुत्र’. परंतु हे नाव धारण करणारे सर्वच त्या पूर्वजाचे वंशज नव्हते. कुळप्रमुखाच्या आश्रयास राहणारे, त्याची जमीन कसणारे व त्याच्या बाजूने लढणारे लोकही त्याचेच नाव लावीत. आपल्याकडेही देशमुखी, सरदारकी, गावातील आश्रय आणि पुढे शाळेच्या व सरकारी दप्तरातील नोंद या मार्गांनी आडनावे पसरली. नाव रक्ताने मिळते, तसेच ते निष्ठेने, सेवेने व स्वेच्छेनेही मिळते.

आडनावावरून कुळाचा उगम सिद्ध करण्याचा मोह संशोधकास वारंवार होतो, आणि जातीच्या श्रेष्ठ-कनिष्ठतेचे वाद त्यावर उभे राहतात. म्हणून दोन प्रश्न कटाक्षाने वेगळे ठेवणे अगत्याचे आहे. शब्दाची व्युत्पत्ती हा भाषाशास्त्राचा विषय आहे, आणि ‘जाधव’ हा शब्द ‘यादव’पासून आला हे भाषाशास्त्र निःशंकपणे सांगू शकते. व्यक्तीची वंशपरंपरा हा समकालीन कागदपत्रांचा विषय आहे. तेथे ध्वनिनियम निरुपयोगी ठरतात. किंबहुना ‘जाधव’मधील न झिजलेले दंत्य व्यंजन हेच दर्शविते की हे नाव मुळातच अखंड वारशाने आलेले नसून पुन्हा स्वीकारलेले आहे. शब्दाला एकच मूळ असू शकते. तो शब्द धारण करणाऱ्या माणसांची मुळे मात्र अनेक असतात, आणि त्या प्रत्येकाचा इतिहास स्वतंत्र पुराव्याने शोधावा लागतो.