वापरलेली सुई घंटागाडीत नको!

डोंबिवलीकरांना घातक कचरा म्हणजे काय, हे वेगळे सांगावे लागत नाही. औद्योगिक वसाहतीतील रसायनांचा उग्र दर्प घरात शिरला की सारे शहर त्याविषयी बोलू लागते. आज मात्र मला लिहायचे आहे ते दर्प न येणाऱ्या घातक कचऱ्याबद्दल. तो तुमच्या-आमच्या घरातच तयार होतो. इन्सुलिनची वापरलेली सुई हे त्याचे नेहमीचे उदाहरण.

मधुमेहाच्या रुग्णांना मी हमखास विचारतो, "सुई टोचून झाल्यावर ती कुठे टाकता?" बहुतेकांचे उत्तर असते, "कचऱ्याच्या डब्यात." काही जण टोपण लावून टाकतात, पण पिशवी दाबली गेली की टोपण निघते आणि सुई बाहेर डोकावते.

काही महिन्यांपूर्वी एक सफाई कामगार बाई माझ्याकडे आल्या. सोसायटीचा कचरा वेगळा करताना त्यांच्या अंगठ्यात सुई घुसली होती. सुई कोणाची, त्याला कोणता आजार, हे कळायला मार्ग नव्हता. जखम टिकलीएवढीही नव्हती, पण त्यापायी सहा महिने रक्ताच्या तपासण्या आणि जिवाला घोर!

धोका किती?

रुग्णाच्या रक्ताने दूषित झालेली सुई टोचल्यास हिपॅटायटिस 'बी'ची लागण होण्याची शक्यता (लस घेतली नसल्यास) ३० टक्क्यांपर्यंत असते. हिपॅटायटिस 'सी'ची सुमारे १.८ टक्के आणि एचआयव्हीची ०.३ टक्के. म्हणजे ज्याचे नाव आपण सर्वांत जास्त घाबरून घेतो, त्यापेक्षा कावीळच अधिक सहज लागते.

नियम काय सांगतात?

आपल्या देशात जैववैद्यकीय कचऱ्याचे पहिले नियम जुलै १९९८ मध्ये आले. मार्च २०१६ मध्ये त्यांची जागा नव्या नियमांनी घेतली. मोठ्या रुग्णालयांबरोबर एका डॉक्टरचा दवाखाना, पॅथॉलॉजी लॅब, इतकेच काय, रक्तदान शिबिरही त्यांच्या कक्षेत आले. रक्त लागलेला कापूस, बँडेज पिवळ्या पिशवीत; सलाईनच्या नळ्या, हातमोजे लाल पिशवीत; सुया व ब्लेड सहज न भोसकल्या जाणाऱ्या पांढऱ्या डब्यात; काचेच्या बाटल्या निळ्या खुणेच्या डब्यात. प्रक्रिया न केलेला कचरा सामान्यतः ४८ तासांपेक्षा जास्त साठवायचा नाही. तो हाताळणाऱ्यांना हिपॅटायटिस 'बी' व धनुर्वाताची लस द्यायची.

रुग्णालयातील सुईला अशी शिस्त आहे. घरातल्या सुईचे काय? २०१६ च्याच घनकचरा नियमांनी वापरलेल्या सुया, सिरिंज आणि टाकाऊ औषधे यांना 'घरगुती घातक कचरा' म्हटले. पण आपल्या घरात नियम बघायला निरीक्षक येत नाही. तिथे आपणच निरीक्षक!

पूर्वी कल्याण-डोंबिवलीचा कचरा वर्षानुवर्षे आधारवाडीच्या डोंगरावर जाऊन पडे. ते क्षेपणभूमीचे काम २०२१ मध्ये थांबले. आता कचरा वेगळा करून त्यावर प्रक्रिया करण्यावर भर आहे. हे चांगलेच झाले; पण कचरा वेगळा करायचा म्हणजे त्यात कोणाचा तरी हात जाणार, हे विसरून चालणार नाही.

एवढे कराच

* सुई वाकवू नका, मोडू नका. फिनेल किंवा कपडे धुण्याच्या द्रवाची जाड प्लास्टिकची रिकामी बाटली घ्या आणि वापरलेली सुई लगेच तीत टाका. साध्या पाण्याची पातळ बाटली चालणार नाही.
* बाटली पाऊण भरली की झाकण लावून चिकटपट्टी गुंडाळा, वर 'सुया' असे ठळक लिहा. तुमचे डॉक्टर किंवा लॅब ती घेतील का, हे विचारा. घेत नसतील तर पालिकेच्या प्रभाग कार्यालयात चौकशी करा.
* रुग्णाचे डायपर, ड्रेसिंगचा कापूस कागदात घट्ट गुंडाळून, खूण करून वेगळे द्या.
* मुदत संपलेली औषधे मोरीत वा संडासात ओतू नका.

कोणाला सुई टोचलीच, तर जखम साबण व वाहत्या पाण्याने धुवावी. ती पिळू नये, बोट तोंडात घालू नये. लगेच सरकारी किंवा पालिका रुग्णालय गाठावे. एचआयव्ही टाळणारी औषधे शक्यतो दोन तासांत आणि जास्तीत जास्त ७२ तासांच्या आत सुरू व्हावी लागतात.

वाचकहो, सोसायटीच्या पुढच्या सभेत पार्किंगबरोबर हाही विषय घ्या. आणि तुमच्या सफाई कामगारांना हिपॅटायटिस 'बी'ची लस मिळाली आहे का, हे जरूर विचारा. तीन डोस लागतात, सहा महिन्यांत पुरे होतात.