एका सहीचे दोन वाद : मुख्याध्यापकाची खुर्ची आणि शिक्षकाचा पगार

महाराष्ट्रातील अनुदानित खासगी शाळेत शिक्षकाची नेमणूक संस्था करते, पगार मात्र शासन देते. या दोघांना जोडणारा दुवा म्हणजे मुख्याध्यापक. पगारबिल त्याच्या सहीने तयार होते आणि शालार्थ या ऑनलाइन वेतनप्रणालीतून शिक्षण विभागाच्या वेतन पथकाकडे जाते. त्यामुळे मुख्याध्यापक कोण, हा वाद पेटला की पगाराचा प्रश्नही त्यात ओढला जातो. कायद्याने मात्र या दोन तक्रारींसाठी वेगवेगळी दारे ठेवली आहेत.

खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्ती १९७७चा अधिनियम आणि १९८१ची नियमावली यांनी ठरतात. माध्यमिक शाळेच्या मुख्याध्यापकासाठी पदवी व बी.एड. यांबरोबर अध्यापनाचा पाच वर्षांचा अनुभव लागतो; त्यातील किमान दोन वर्षे बी.एड.नंतरची हवीत. पात्र व समाधानकारक सेवा असलेल्या शिक्षकांपैकी सर्वांत ज्येष्ठाला हे पद द्यायचे असते. एकाच संस्थेच्या अनेक शाळा असतील तर ज्येष्ठता सर्व शाळा मिळून मोजली जाते. म्हणून अनेक खटल्यांचे मूळ अनुसूची ‘फ’नुसार केलेल्या सेवाज्येष्ठता यादीत सापडते. अल्पसंख्याक शाळांना मुख्याध्यापक निवडताना या अधिनियमातून सूट आहे.

ज्येष्ठाला डावलून कनिष्ठाला पदोन्नती दिल्यास या अधिनियमाच्या कलम ९खाली शाळा न्यायाधिकरणाकडे तीस दिवसांत अपील करता येते. बडतर्फी, सेवासमाप्ती आणि पदावनती यांसाठीही हेच दार आहे. अडचण येते ती ‘प्रभारी’ या शब्दाने. वरच्या पदाचे काम सोपवणे म्हणजे पदोन्नती नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९१मध्ये स्पष्ट केले. त्यामुळे वर्षानुवर्षे प्रभार सांभाळूनही त्या पदावर कायमचा हक्क निर्माण होत नाही. आणि प्रभार कनिष्ठाकडे गेला तर त्याला ‘डावलणे’ म्हणायचे का, यावरच वाद रंगतो.

संस्थेत दोन गट पडले की गुंता वाढतो. विश्वस्तांच्या बदलाचा अर्ज धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात प्रलंबित असतो आणि दोन्ही गट आपापला मुख्याध्यापक पुढे करतात. अशा वेळी स्वाक्षरीचे अधिकार कोणाला, हे शिक्षणाधिकारी तात्पुरते ठरवतात. ही व्यवस्था पगारबिल अडू नये म्हणून असते. तिने पदावरील हक्काचा निकाल लागत नाही.

नोकरी चालू असताना नुसता पगार थकला, तर कलम ९चे अपील उपयोगी पडत नाही. शिक्षकाला शिक्षणाधिकाऱ्यांकडे आणि तेथे दाद न मिळाल्यास राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६खाली उच्च न्यायालयात जावे लागते. अशा प्रकरणांत त्या शिक्षकाच्या नेमणुकीला शिक्षण विभागाने दिलेली वैयक्तिक मान्यता कळीची ठरते. मान्यता नाही एवढ्यावरून नेमणूक अवैध होत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ठरवले आहे. पण शासनाकडून पगार मिळण्याची वाट मान्यतेतूनच जाते. दाद मागायला उशीर झाला, तर थकबाकी साधारणपणे याचिकेपूर्वीच्या तीन वर्षांपुरती मर्यादित राहते.

निलंबनात पगाराची जागा निर्वाहभत्ता घेतो. निलंबनाला शिक्षण विभागाची पूर्वपरवानगी नसेल, तर या भत्त्याचा भार संस्थेवर पडतो.

बेकायदा काढलेल्या शिक्षकाच्या मागील वेतनाबाबत सर्वोच्च न्यायालयाचा २०१३चा निर्णय महत्त्वाचा आहे. औरंगाबादच्या एका शिक्षिकेला न्यायाधिकरणाने दिलेले पूर्ण वेतन उच्च न्यायालयाने नाकारले होते. सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा बहाल केले. आपण अन्यत्र कमावत नव्हतो, असे कर्मचाऱ्याने सांगितले की ती कमाई सिद्ध करण्याची जबाबदारी संस्थेवर येते, असे सूत्र त्यात मांडले गेले.

न्यायाधिकरणाचा आदेश न पाळणाऱ्या व्यवस्थापनासाठी १९७७च्या अधिनियमाच्या कलम १३मध्ये शिक्षेची तरतूद आहे.