काळाचे पहारेकरी

१९५४ सालचं न्यूयॉर्क. युद्धावरून परतलेला मॅन्स एव्हरार्ड वर्तमानपत्रातली एक जाहिरात वाचून नोकरीच्या मुलाखतीला जातो. नोकरी लागते आणि प्रशिक्षणासाठी त्याला थेट ऑलिगोसीन युगात, म्हणजे अडीच-तीन कोटी वर्षं मागे धाडलं जातं. पॉल अँडरसन या अमेरिकी लेखकाने १९५५ मध्ये लिहिलेल्या ‘टाइम पेट्रोल’ या कथेची ही सुरुवात. काळात मागेपुढे जाण्याची विद्या माणसाच्या हाती आली की कुणीतरी इतिहासात ढवळाढवळ करणारच. ती रोखायला हे पहारेकरी. त्यांचं दल उभारलं आहे दहा लाखांहून अधिक वर्षांनंतरच्या आपल्याच वंशजांनी. इतिहासाची वाट बदलली तर ते जन्मालाच येणार नाहीत.

पहिल्याच कथेत एव्हरार्डचा सहकारी नियम मोडतो. त्याची वाग्दत्त वधू १९४४ च्या बॉम्बहल्ल्यात गेली आहे आणि त्याच्या हाताशी तर काळात मागे नेणारं यंत्र आहे. तो तिला वाचवायला जातो, एव्हरार्डही मित्राच्या बाजूने उभा राहतो आणि वरिष्ठ दोघांना माफ करतात. अँडरसनची पुढची कथा मात्र इतकी दयाळू नाही. त्याच वर्षीच्या ‘डिलेंडा एस्ट’मध्ये काही घुसखोर इ. स. पू. २१८ मधल्या टिसिनसच्या लढाईत सिपिओ या रोमन बाप-लेकांना मारतात. पुढे कार्थेजच्या हॅनिबलला हरवणारा सेनापतीच उरत नाही. रोम बुडतं, कार्थेज तगतं. एव्हरार्ड विसाव्या शतकात परततो तेव्हा त्याच्या ओळखीचं जग जागेवर नसतं. तिथे वेगळी भाषा बोलणारी, वेगळे देव मानणारी, आपापले संसार करणारी कोट्यवधी माणसं असतात. इतिहास पूर्ववत करायचा म्हणजे ही सगळी माणसं कधी नव्हतीच, असं करून टाकायचं. एव्हरार्ड ते करतो. त्यांच्यातली एकच तरुणी त्याच्याबरोबर बाहेर पडू शकते.

मराठी वाचकाला इथे पानिपत आठवल्यावाचून राहणार नाही. १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना गोळी लागली आणि लढाईचा रंग पालटला. ती गोळी चुकली असती तर? या एका प्रश्नावर जयंत नारळीकरांनी ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा रचली. तिच्यातले इतिहासाचे प्राध्यापक, विश्वासराव वाचले आणि मराठे जिंकले अशा दुसऱ्या जगात जाऊन पोचतात. नारळीकरांच्या मांडणीत दोन्ही जगं शेजारी-शेजारी नांदू शकतात, त्यामुळे तिथे पहारेकऱ्याचं काम पडत नाही. अँडरसनच्या विश्वात इतिहास एकच. तिथला शिपाई त्या दिवशी पानिपतावर नेमला गेला, तर विश्वासरावांना गोळी लागेल एवढंच त्याला पाहायचं आहे. हे वाक्य लिहिताना हात अडखळतो. पण या साहित्याचा गाभा मला इथेच दिसतो: काळाची राखण करणाऱ्याला काळाने केलेल्या अन्यायांचीही राखण करावी लागते.

आयझॅक असिमॉव्हने ‘द एंड ऑफ इटर्निटी’ ही कादंबरी १९५५ मध्येच प्रसिद्ध केली. त्यातले ‘शाश्वत’ तर इतिहास सुधारण्याचंच खातं चालवतात. गाडीचा क्लच अडकवून ठेवायचा. विद्यार्थ्याचं एक व्याख्यान चुकतं आणि पुढच्या कुठल्याशा शतकातलं युद्ध टळतं. सत्तर हजाराव्या ते दीड लाखाव्या शतकांपर्यंतचा पट्टा मात्र त्यांनाही बंद असतो. दरवेळी सुरक्षित वाट निवडत गेल्याने माणसाची अंतराळातली झेपच खुंटली, हे कळल्यावर असिमॉव्ह ते सगळं खातंच मिटवून टाकतो. मला हे त्याचं सर्वांत धाडसी पुस्तक वाटतं.

मात्र काळाची भीती खऱ्या अर्थाने अंगावर आणली ती ब्रिटिश दूरचित्रवाणीने. पी. जे. हॅमंड यांची ‘सफायर अँड स्टील’ ही मालिका १९७९ ते १९८२ या काळात आयटीव्हीवर आली. सहा मोहिमा, चौतीस भाग. जोआना लम्ली सफायर, डेव्हिड मॅकॅलम स्टील. इथे काळात फिरायचं यंत्र नाही. इथे काळच बाहेरून दबा धरून आहे. जुन्या गोधडीसारखा तो जागोजागी विरतो आणि विरलेल्या ठिकाणातून काहीतरी आत शिरतं. जुन्या वस्तू, जुनी गाणी, जुने फोटो यांच्याभोवती ही ठिकाणं तयार होतात. पहिल्या मोहिमेत घड्याळांनी भरलेल्या जुन्या घरात आईवडील धाकट्या मुलीला बडबडगीत म्हणून दाखवत असतात. एकाएकी सगळी घड्याळं थांबतात आणि आईवडील नाहीसे होतात. मग दाराशी हे दोघे येतात. ते माणसं नाहीत. कोण आहेत, त्यांना कुणी पाठवलं, हे हॅमंड शेवटपर्यंत सांगत नाहीत. सफायर वस्तूला हात लावून तिचं वय सांगते, थोडा वेळ काळ मागेही नेते. स्टील आपलं शरीर निरपेक्ष शून्याच्या जवळपास थंड करू शकतो, पण त्यानंतर तो गळून जातो.

दुसरी मोहीम या सगळ्यांत श्रेष्ठ. पडक्या रेल्वे स्थानकावर पहिल्या महायुद्धातला एक सैनिक दिसू लागतो. युद्धविराम लागू झाल्यानंतर मारला गेलेला. त्याच्यासारख्या, अन्यायाने मेलेल्यांच्या मनातल्या कडवटपणावर एक अंधार पोसला जातो आहे. तिथे टली नावाचा साधा, सज्जन भूतसंशोधक आधीपासून येऊन बसलेला असतो. अंधार हटवायला स्टील सौदा करतो: टलीला त्याच्या ठरल्या वेळेआधी अंधाराच्या हवाली करायचं. टलीला त्याची कल्पना नसते. सफायरला असते, आणि तिला ते सोसत नाही. जवळजवळ सगळं काही एका सेटवर, मोजक्या नटांनिशी घडतं. खर्चाच्या मर्यादेमुळे कॅमेरा चेहऱ्यांवर थांबतो, आणि प्रेक्षकाला त्या निर्णयापासून नजर चुकवता येत नाही. अँडरसनने कोट्यवधी माणसं पुसली तेव्हा ती आकड्यात राहिली. इथे एकच म्हातारा जातो आणि त्याचा बळी जास्त लागतो.

शेवटच्या मोहिमेत रस्त्याकडेच्या पेट्रोल पंपावरच्या उपाहारगृहात दोघांसाठीच सापळा लावलेला असतो आणि ते त्यात कायमचे अडकतात. ही मोहीम प्रसारित झाली ऑगस्ट १९८२ मध्ये. मालिका बनवणाऱ्या एटीव्ही कंपनीचा परवाना तोवर संपला होता, आणि पडद्यावर सातवी मोहीम आलीच नाही. टलीचा सौदा पाहिलेल्यांपैकी कुणाला या शेवटात न्याय दिसतो. मला दिसत नाही. सफायरने तो सौदा कधी मनापासून मान्य केला नव्हता, तरी सापळ्यात तीही अडकली.